सरवा

ता. चांदूर बाजार, जि. अमरावती
होळीनंतरचा चौथा दिवस

प्रिय वसंता,

तुझं पत्र पौषात आलं, उत्तर फाल्गुनात लिहितोय. रागावू नकोस. तू जे विचारलंस ते दोन ओळींत सांगण्यासारखं नव्हतं. शिवाय गव्हाचं पाणी, रात्रीची जागल, मग सवंगणी, असं एकामागून एक लागूनच होतं. परवा दाणे घरात आले. आज अंगणात बाज टाकून लिहायला बसलोय.

तू लिहिलंस, "दोन एकर गव्हात कशाला अडवतोस? तिथंही हरभरा टाक. एकदोन पाण्यात येतो. खायला गहू दुकानात मिळतोच." तुझा हिशेब खोटा नाही. मी तो वहीत मांडून पाहिला. गव्हाला पाच-सहा पाणी, त्यातली निम्मी रात्रीच्या लाइटवर. रोही आणि डुकरं राखायची ती वेगळीच. एकरी १४ क्विंटल झाला तरी खर्च वजा जाता हरभराच जास्त देऊन जातो. तरीही येत्या कार्तिकात मी त्या दोन एकरांत गहूच पेरणार आहे. का, ते सांगतो.

परवा हार्वेस्टर आला. पंजाबकडच्या गाड्या मध्य प्रदेश करत करत आपल्याकडं उतरतात, तुला ठाऊकच आहे. तासाभरात दोन एकर साफ झालं. मी ट्रॉलीपाशी उभा होतो. पाहतो तर आई टोपलं घेऊन धुऱ्यावर. पंच्याहत्तरी ओलांडली, गुडघे गेले, आणि काठी बाभळीला टेकवून ती यंत्राच्या चाकोरीमागं वाकून एकेक ओंबी वेचतेय. मी म्हटलं, "आई, अठ्ठावीस क्विंटल झाला. आता ते काय वेचतेस?" तिनं वर न पाहताच सांगितलं, "पडेल दाना लक्षुमी असते बाप्पा. आजच्या दिस वखर नोको घालू वावरात."

तुला सरवा आठवतो का रे? आपल्या लहानपणी आपल्या गावात कपाशीच जास्त, त्यामुळं तू तो फारसा पाहिला नसशील. आईचं माहेर चिखलीकडचं. आजोबा सालदार, घरी गुंठाभर जमीन नाही. तिकडं काळ्या मातीत पावसाळ्याच्या ओलीवर बन्सी गहू व्हायचा, पाणी न देता. मालकाचा गहू सोंगून झाला, पेंढ्या बांधून झाल्या, की वस्तीतल्या बाया आणि पोरी धुऱ्यावर येऊन बसत. शेवटची पेंढी बैलगाडीत चढून गाडी हलेपर्यंत कुणी वावरात पाय टाकायचा नाही. पेंढीला हात लावायचा नाही. गाडी हलली की मात्र जे पडलेलं असेल ते वेचणारीचं. त्याचं नाव सरवा. पोरींची नजर तेज म्हणून त्यांना पुढं सोडायचे. आई सांगते, चांगल्या वावरात दिवसभर वेचलं, रात्री झोडपलं, पाखडलं, की पायलीभर गहू निघायचा. घरात वर्षभर ज्वारीची भाकर, आणि सणाची पोळी व्हायची ती ह्या सरव्याची. पोळ्याच्या दिवशी तिच्या आईनं लाटलेल्या पुरणपोळ्या किती होत्या हे ती अजून मोजून सांगते. पाच. माणसं सात.

हे मी कितीदा ऐकलं होतं. पण परवा तिला वाकलेली पाहिलं आणि अकोल्याला आपण शेतकी शिकत होतो तेव्हाचा वर्गातला एक तास आठवला. रानटी गहू आणि पेरीचा गहू यांतला फरक. परीक्षेपुरतं पाठ केलं, दोन मार्कांचा प्रश्न होता, आणि विसरलो. आता वाटतं, आपल्याला त्या चार वर्षांत शिकवलेल्या गोष्टींत त्याहून मोठी गोष्ट दुसरी नव्हती.

आठव बरं. रानटी गव्हाची ओंबी पिकली की तिचा कणा ठिसूळ होतो आणि दाणे आपोआप खाली झडतात. झडायलाच हवेत, त्याशिवाय पुढच्या वर्षी झाड उगवायचं कसं? पण हजारो झाडांत एखादं असं निघतं की त्याचा कणा तुटतच नाही. दाणे पिकून वाळले तरी ओंबीला धरून बसतात. रानात अशा झाडाचा वंश बुडतो. पण दहा-अकरा हजार वर्षांपूर्वी तुर्कस्तान, सीरिया, इराक या पट्ट्यात माणूस गारगोटीचं विळं घेऊन रानात उतरला. झडलेले दाणे मातीत गेले. जे धरून राहिले तेच त्याच्या टोपलीत बसून घरी आले. त्यातलेच त्याने पुढं पेरले. असं वर्षानुवर्षं, पिढ्यान् पिढ्या चाललं. जळक्या दाण्यांच्या देठावरच्या खुणा पाहून अभ्यासक सांगतात की न झडणारा गहू सगळीकडं पसरायला हजारदोन हजार वर्षं लागली. कुणी ठरवून केलेलं नव्हतं. माणसाला वाटलं आपण गहू निवडतोय. गव्हानं मात्र आपलं झडणं सोडून माणसाच्या हातावर जीव टाकला.

वसंता, याचा अर्थ ध्यानात घे. आज आपण पेरतो तो गहू आपल्यावाचून जगूच शकत नाही. वावर चार वर्षं पडीक टाकलं तर काँग्रेस गवत माजेल, बाभळी येतील, गव्हाचं मात्र एक ताटही दिसणार नाही. आणि खाली पडलेला दाणा हा मुळात गव्हाचा स्वतःचा वाटा होता, पुढच्या वर्षासाठी मातीला दिलेला. माझ्या आईचं माहेर त्या वाट्यावर सण करत होतं. हे सुचलं तेव्हा ट्रॉली तशीच टाकून मीही तिच्यामागं वेचायला वाकलो.

जॅक हार्लन नावाच्या अमेरिकन वनस्पतिशास्त्रज्ञाची गोष्ट तुला आठवत असेल. १९६० च्या दशकात तो आग्नेय तुर्कस्तानात काराजादाग डोंगरावर गेला आणि गारगोटीच्या पात्याचं विळं घेऊन रानटी गहू कापून पाहिला. त्याच्या हिशेबानं एक कुटुंब तीनेक आठवड्यांत वर्षाला पुरून उरेल इतका दाणा गोळा करू शकत होतं. म्हणजे उपाशी होता म्हणून माणूस शेतीला लागला, एवढं सरळ ते नाही. रानात भरपूर होतं. पण एवढं धान्य पाठीवर घेऊन हिंडता येत नाही. ते ठेवायला खड्डा लागतो, खड्ड्यापाशी घर लागतं, दळायला दगड लागतो, आणि दगड उचलून कोण फिरणार? मला वाटतं गाव जे बसलं ते जात्याभोवती बसलं. ज्या वस्तूला आपण हलवू शकत नाही ती आपल्याला धरून ठेवते.

आणि दळण म्हटलं की बाईमाणूस आलं. सीरियात अबू हुरैरा नावाची जुनी वस्ती आहे. तिथल्या सांगाड्यांचा अभ्यास झाला, तेव्हा बायांच्या पायाच्या अंगठ्यांचे सांधे झिजून वाकडे झालेले, गुडघे आणि कंबरेची हाडं बिघडलेली दिसली. गुडघ्यावर बसून, अंगठे मागं रोवून, तासन् तास दगडावर धान्य रगडायचं, त्याच्या त्या खुणा. नऊ-दहा हजार वर्षांपूर्वीच्या बाया. पुस्तकात हे वाचलं त्या रात्री मी आईच्या गुडघ्यांना तेल चोळत होतो. गावात चक्की यायच्या आधी ती पहाटे चारला जात्यावर बसायची, मी तिच्या मांडीवर झोपलेला असायचो. संस्कृतीच्या इतिहासात राजे आहेत, लढाया आहेत. या अंगठ्यांना त्यात जागा नसावी याचा मला खरोखर राग येतो.

आपल्या भागात गहू कधीपासून? ही काही इंग्रजांनी किंवा रेशननं आणलेली वस्तू नाही. बलुचिस्तानात मेहरगढला सुमारे नऊ हजार वर्षांपूर्वी जव आणि गहू होता. आपल्या नागपूर जिल्ह्यात पेंच नदीकाठी नायकुंड आहे, तिथं महापाषाण काळातली लोखंड गाळायची भट्टी सापडली. तिथल्या आणि भागीमहारीच्या उत्खननात तांदूळ, जव, मसूर यांच्यासोबत गव्हाचे जळके दाणे मिळाले. जळले म्हणूनच टिकले, नाही तर मातीत कुजून गेले असते. अडीच हजार वर्षांहून जुनी कुणाची तरी करपलेली चूल, आणि आपल्याला तेवढ्यावरून कळतं की विदर्भात गहू होता. नागपूरला गेलो की मी एकदा त्या बाजूला जाऊन येणार आहे. तू येशील तर दोघं जाऊ.

पण होता म्हणजे रोज खात होते असं नाही. आपल्याकडं गहू सणाचा, देवाचा, पाहुण्याचा. रोडगे करायचे ते देवाच्या नावानं, वावरात गोवऱ्या पेटवून. कलश ठेवायचा तो गव्हाच्या राशीवर. ओटी गव्हाची. घटात पेरायचा तो गहूच. पूर्वेकडं राखीच्या सुमारास बाया टोपलीत गव्हाचे अंकुर वाढवून भुजली विसर्जित करतात. पोटाला मात्र ज्वारी. गहू इतका जवळचा आणि तरी इतका आदराचा कसा, हे कोडं मला लहानपणी पडायचं. आता कळतं, जे रोज मिळत नाही त्याची पूजा होते.

मग तो रोज मिळायला लागला. हे आपल्या डोळ्यांदेखत झालं नाही, थोडं आधी झालं, पण आईच्या डोळ्यांदेखत झालं. १९६५ आणि ६६ ला लागोपाठ पाऊस गेला. अमेरिकेतून गव्हाची जहाजं येत होती आणि देश त्यावर जगत होता. तिच्या गावी रेशनला लाल गहू मिळे. पोळी चिवट व्हायची, लाटता येईना, पण ती पोळी होती. बहात्तरच्या दुष्काळात ती खडी फोडायला गेली तेव्हा कामावर सुकडी मिळायची आणि दुकानात मिलो, ती परदेशातून आलेली लाल ज्वारी. मिलोचं नाव काढलं की ती अजून तोंड फिरवते.

त्याच काळात बोरलॉग या अमेरिकन शास्त्रज्ञाचा मेक्सिकोतला बुटका गहू आला. १९६६ मध्ये आपल्या देशानं तिथून १८,००० टन बियाणं आणलं. आपला जुना गहू उंच. खत जास्त दिलं की ओंबीच्या भारानं लोळायचा. हा बुटका लोळत नव्हता, आणि हा बुटकेपणा मुळात जपानच्या नोरिन-१० या वाणातला. जपानचं खुजं रोप अमेरिकेतून मेक्सिकोला, तिथून आपल्याकडं. पण दाणा लाल, आणि आपल्या बायांना लाल पीठ नको होतं. म्हणून स्वामिनाथन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी त्यापासून पिवळसर दाण्याचा शरबती सोनोरा काढला. मला हे फार आवडतं, की देशभरातल्या परातींनी शास्त्रज्ञांना परत प्रयोगशाळेत पाठवलं. १९६४-६५ ला देशात सव्वा कोटी टनांच्या आसपास गहू होता. आज तो अकरा कोटी टनांच्या वर आहे. ही कमाई मी कमी लेखणार नाही. ज्याच्या आईनं सात माणसांत पाच पोळ्या वाटलेल्या पाहिल्या, त्यानं तर नाहीच नाही.

एक गंमत सांगायची राहिली. आपण बाजारात "लोकवन" मागतो ना? मला कित्येक वर्षं वाटायचं की हे एखाद्या वनाचं, गावाचं नाव असेल. गुजरातेत भावनगर जिल्ह्यात सणोसऱ्याला लोकभारती संस्था आहे. तिथं तयार झालेला वाण, नाव लोक-१. त्या "वन"चं आपण लोकवन केलं. शास्त्रज्ञानं आकडा दिला आणि माणसांनी त्याचं रान करून टाकलं.

मी मात्र या वर्षी अकोल्याचा एकेएडब्ल्यू ४६२७ पेरला, कारण सोयाबीन निघायला उशीर झाला आणि हा उशिरा पेरणीला चालतो. पंजाबराव देशमुखांच्या नावाचं ते विद्यापीठ १९६९ ला झालं. त्याच्या वावरातून आपण दोघं सायकलवर फिरलो आणि तिथल्या बियाण्यावर मी आज जगतो, हे ऋण मी विसरत नाही. उशिराच्या गव्हाची भीती एकच, उन्हाची. २०२२ चा मार्च आठवतो का? दाणा भरायच्या वेळेला असं ऊन पडलं की ओंब्या भरल्याच नाहीत, चाळणीतून दाणा गळून जायचा. माझं निम्मं पीक गेलं. त्याच वर्षी युक्रेनच्या लढाईनं जगात गव्हाचे भाव चढले, आणि १३ मेला सरकारनं निर्यात बंद केली. दोन हजार कोसांवर तोफा उडतात आणि इथं आडत्याच्या दुकानात भाव बदलतो. हे काही नवं नाही. १८६७ ला रेल्वे नागपूरला पोचली, दोनच वर्षांनी सुएझचा कालवा खुला झाला, आणि नर्मदेकाठचा गहू विलायतेला जायला लागला. १८९६ चा दुष्काळ पडला तेव्हा त्या आगगाड्या धावतच होत्या.

तांबेऱ्याचंही, म्हणजे गव्हावरच्या त्या बुरशीच्या रोगाचंही, तसंच. आपल्या गव्हावर येणारा काळा तांबेरा आपल्या मातीत उन्हाळा काढू शकत नाही, जळून जातो. तो दक्षिणेकडच्या निलगिरीच्या थंडीत तग धरतो आणि तिथून वाऱ्यापावसासोबत मध्य भारतात उतरतो. करमचंद मेहता यांनी आयुष्य घालवून ही वाट शोधली. जुने रोमन लोक तर तांबेऱ्याचा देव मानून दर २५ एप्रिलला त्याला कुत्र्याचा बळी देत. मला त्यांचं नवल वाटत नाही. माघात ढग आले की मीही पानावर बोट फिरवून पाहतो, बोटाला तांबडं लागतं का.

पेरणीनंतर एकविसाव्या दिवशीचं पाणी तुला आठवत असेल, मुकुटमुळं फुटायची वेळ. ते चुकलं की फुटवेच येत नाहीत. या वर्षी ते रात्री दोनला द्यावं लागलं, लाइट तेव्हाच होती. पौषातली थंडी, दांडातलं पाणी बर्फासारखं, डोक्याला बॅटरी. धुऱ्यापलीकडं डुकरांचा कळप गुरगुरत होता. एक वाफा भरायला वीस मिनिटं. तेव्हा खरंच वाटलं, वसंताचं ऐकावं. मग बॅटरीचा उजेड वाफ्यावर पडला. बोटभर उंच रोपं, ओल्या मातीत ताठ. तीन वेगवेगळ्या गवतांचा वंश त्या एका रोपात आहे. दोन गवतं रानात भेटली, त्यांच्यापासून चौदा दुणे अठ्ठावीस गुणसूत्रांचा गहू झाला, आपला खपली त्याच घरातला. पुढं कॅस्पियन समुद्राकडं माणसाच्या वावरालगत त्याला तिसरं गवत भेटलं आणि बेचाळीस गुणसूत्रांचा हा पोळीचा गहू झाला. हा रानात कधी नव्हताच. याचा जन्मच माणसाच्या वावरातला. जे आपल्या वावरात जन्मलं आणि आपल्यावाचून उगवत नाही, त्याला रात्री दोनला पाणी द्यायला कुणीतरी उभं राहायलाच हवं.

पण तुझ्यापासून एक गोष्ट लपवणार नाही. ज्वारीबद्दल माझं मन मला खातं. आपल्या लहानपणी चहूकडं ज्वारी होती, पाखरं होती, कडब्याच्या गंज्या होत्या. पाण्यावाचून यायची, ढोरांनाही पोसायची. रेशनच्या गव्हानं आणि सोयाबीननं मिळून ती गिळली. माझ्या पोरांना भाकर लागते ती हॉटेलात, कौतुकानं. काळ्या मातीची ती लेक होती आणि आम्ही तिला घराबाहेर काढलं. म्हणून गव्हाचे दोन एकर दोनच राहतील, आणि विहिरीपलीकडच्या अर्ध्या एकरात पुढच्या रब्बीला ज्वारी पेरायची ठरवली आहे. दादर ज्वारी मिळाली तर बघ, तुझ्या ओळखीत कुणाकडं घरचं बियाणं असेल.

परवाचं पुढचं सांगायचं राहिलं. मी आणि आई वेचत असताना वस्तीतल्या दोघी आल्या आणि धुऱ्यावर थांबल्या. विचारावं की नाही अशा. आईनंच हाक मारली, "या ना वं, गाडी हालली." त्या हसल्या. पूर्वी त्या म्हणे दहा-बारा असायच्या. आता हार्वेस्टरनंतर लगेच कुणी गव्हांड्याला, मागं उरलेल्या काडाला, पेटवून देतं, कुणी रोटावेटर फिरवतं, त्यामुळं वेचायला जागाच उरत नाही. मी त्यांना सांगितलं की माझ्या वावरात आठ दिवस काही फिरणार नाही. आणि पुढच्या वर्षीपासून धुऱ्याकडच्या दोन ओळी यंत्राला न देता राखून ठेवणार आहे, त्या विळ्यानंच कापायच्या. घरी बायको म्हणाली, चार पायल्यांचा प्रश्न आहे, कापू द्या.

आईनं वेचलेला सरवा काल तिनं स्वतः काठीनं झोडपला, सुपानं पाखडला. पावणेदोन पायल्या भरला. तो तिनं ट्रॉलीच्या गव्हात मिसळू दिला नाही. थोड्याचा चीक काढून कुरडया घालणार आहे, आणि पायलीभर तुझ्या नावानं बांधला आहे. "वसंताले सांगजो, रोडगे कराले ठेव म्हना, रोजच्या पोळीत घालू नोको." तुझं रोडग्यांचं वेड तिला अजून आठवतं. परतवाड्याहून पुण्याच्या एस.टी.नं पार्सल टाकतो, मंगळवारी उतरवून घे. पिशवी तिच्या जुन्या लुगड्याची आहे, ती मात्र परत पाठव, आणि रिकामी पाठवू नकोस. तिकडचा मावळातला तांदूळ मूठभर टाकलास तरी चालेल, असं ती म्हणते.

तुझा,
पुरुषोत्तम